तीन जागांची कॅसेट

मी चौथी पास आहे. पाचवीत नाव घालायचं होतं तेव्हा आमची मेंढरं कोरेगावच्या बाजूला चरायला गेली होती, आणि एकट्या आजीला मला सांभाळणं होईना. शाळा तिथंच सुटली. म्हणून इथं भाषा सुंदर सापडायची नाही. पण जे लिहीन ते खरं लिहीन. लेक गेली म्हणून तिच्याबद्दल गोड भर घालून लिहायचं, हे मला जमत नाही.

नव्वदनंतरची ती वर्षं. माझा नवरा कुपवाडला एका फौंड्रीत होता. कारखान्यांच्या मागच्या बाजूला आमचं दोन खोल्यांचं घर. आम्हाला एकच लेक. आठ वर्षांची असताना तिचे सांधे सुजले, ताप आला. ताप गेला, पण जाताना काळजाची झडप आवळून गेला. मिरजेच्या डॉक्टरांनी सांगितलं, जड काम नको, जिने नकोत, लग्नाचं पुढं बघू. बारावी झाली आणि ती घरी बसली. दोन बादल्या पाणी आणलं तरी तिचे ओठ निळे पडायचे.

माझा भाऊ मद्रासला गलईच्या दुकानात होता, म्हणजे सोनं गाळायच्या धंद्यात. आमच्या आटपाडीकडच्या दुष्काळी भागातली पुष्कळ माणसं त्या धंद्यापायी देशभर पांगली आहेत. त्याच्या शेजारचं व्हिडिओ गेमचं दुकान बंद झालं, तेव्हा त्यानं एक मशीन आणि खोकंभर कॅसेटी उचलून आणल्या. कॅसेट म्हणजे तळहाताएवढी प्लॅस्टिकची डबी. ती मशीनमध्ये खोचायची, मशीन टीव्हीला जोडायचं, की पडद्यावर माणूस पळायला लागतो. भाऊ म्हणाला, "पोरीचा वेळ जाईल."

वेळ गेला नाही, तिनं धंदाच काढला. सांगलीत तेव्हा बऱ्याच घरांत अशी मशीनं आली होती. पण प्रत्येक घरात कॅसेटी दोन नाहीतर तीन. त्याच त्या खेळून कंटाळलेले लोक. लेकीनं दारावर पाटी लावली आणि कॅसेटी भाड्यानं द्यायला सुरुवात केली. नवऱ्यानं फौंड्रीतल्या पॅकिंगच्या फळ्या आणून कप्प्यांचं फडताळ केलं. दोनशे पानी वही आली. कुठली कॅसेट कुठल्या घरी आहे, ते तीत असायचं.

ह्यात एक मेख होती. बहुतेक कॅसेटींत मागचं काही राहत नसे. बटन बंद केलं की सगळं पुसलं, पुन्हा पहिल्यापासून. पण सात कॅसेटी अशा होत्या की त्यांच्या आत तीन जागा होत्या. कुठवर खेळलात ते त्या जागेत राहायचं. आज थांबलं, आठ दिवसांनी बटन दाबलं, की माणूस तिथंच उभा. मग एकाच कॅसेटीत तीन घरांची तीन माणसं. चौथ्यानं खेळायला घेतली की तो कुणाची तरी जागा पुसायचा.

पहिल्या महिन्यातच भांडण झालं. कुपवाडलाच लेथवर काम करणारा एक माणूस होता. चाळिशीचा, मिशा पांढऱ्या व्हायला लागलेल्या. लुनावरून यायचा आणि भाच्यासाठी म्हणून कॅसेट न्यायचा. एका वकिलाच्या घरातल्यांनी त्याची जागा पुसली. तो दारात आला तो लालेलाल.

"आवं मावशी, वीस दिस खपत हुतो. वीस दिस! राजवाड्यापाशी आलो हुतो."

"तुमी का तुमचा भाचा?" मी विचारलं.

"भाचाच की. भाचा आला हुता."

"कितवीला हाय भाचा?"

"सातवीला."

"परवा पाचवीला म्हणाला हुता. लय हुशार दिसतोय."

लेक आतून हसायला लागली ती थांबेना. शेवटी तो पण हसला आणि ओट्यावर बसून चहा प्याला. पण त्याचं दुःख खरं होतं. ते मला तेव्हा कळलं नाही, लेकीला कळलं. तिनं त्याच दिवशी नियम केला. तीन जागांच्या कॅसेटी फक्त तीन-तीन घरांना. ज्याची जागा त्याची. एखाद्या घरानं मशीन विकलं किंवा खेळ सोडला, तरी ती जागा परस्पर दुसऱ्याला द्यायची नाही. त्या घरी जाऊन विचारायचं, "तुमची जागा पुसू का?" व्हय म्हटलं तरच पुसायची. ती स्वतः रिक्षानं जाऊन विचारून यायची. विश्रामबागेत एका घरी तर निव्वळ ह्या प्रश्नासाठी दोनदा गेली.

मी म्हटलं, "खेळातलं ते. इतकं काय त्यात?"

ती म्हणाली, "आये, कुणीतरी तिथवर चालत गेलेलं असतं."

वहीत ती सगळं लिहायची, पण कॅसेटीवरची इंग्रजी अक्षरं मला येत नव्हती. निम्म्या कॅसेटींची चिठ्ठीही उडालेली. ती झोपली असताना कुणी कॅसेट मागितली की माझी पंचाईत. मग मी माझ्या माहितीतली रीत काढली. आमच्यात चार घरांची मेंढरं एका कळपात चरतात. प्रत्येक घराची खूण वेगळी. कुणाचं कानाला काप, कुणाचं पाठीवर गेरू, कुणाचं गळ्यात लोकरीचा दोरा. संध्याकाळी वाघरीत, म्हणजे जाळीच्या कुंपणात, घेताना खूण बघून समजतं, कुणाचं कमी आहे. मी लोकरीचे रंगीत दोरे आणले. वकिलांचा पिवळा, लेथवाल्याचा निळा, विश्रामबागेचा हिरवा. कॅसेटीला नाडी बांधून तिला दोरे गाठवायचे. वरचा दोरा म्हणजे पहिली जागा, मधला दुसरी, खालचा तिसरी. घर खेळ सोडून गेलं की त्याचा दोरा सोडायचा.

लेकीला ते फार आवडलं. वहीत तिनं रंगाच्या पेन्सिलींनी तसेच दोरे काढले. दिवे लागायच्या वेळी आम्ही दोघी फडताळापुढं बसून आल्या-गेल्याचा मेळ घालायचो. ती म्हणायची, "आये, हिरवी लंगडी अजून आली न्हाई." लंगडी म्हणजे कोपरा फुटलेली कॅसेट.

आता मैत्रिणीचं सांगते. मिरजेला नर्सिंग शिकणारी एक मुलगी होती. आमच्या दोन गल्ल्या पलीकडं त्यांचं घर. तिच्या आजोबांच्या वेळी ते लोक बौद्ध झालेले. भावानं नेलेली कॅसेट परत द्यायला म्हणून ती सायकलवरून आली आणि लेकीशी बोलत बसली. मग रोजच यायला लागली. सुरुवातीला तिच्यासाठी आमच्याकडं कप वेगळा होता. तो मीच वेगळा ठेवला होता, दुसऱ्या कुणी नाही. आठ दिवसांत लेकीनं तो कप मोरीच्या कडेवर आपटून फोडला आणि माझ्याकडं बघत उभी राहिली. मी तुकडे उचलले. त्यावर आम्ही कधी बोललो नाही. पुढं सगळे कप सगळ्यांचे झाले.

सात कॅसेटींतली एक कॅसेट लेकीनं कधी भाड्यानं दिली नाही. तिच्यावरची आणि आतली अक्षरं इंग्रजीसुद्धा नव्हती. कुठल्यातरी पूर्वेकडच्या देशातली. एक टोपीवाला माणूस गावोगाव चालत जातो आणि भेटेल त्याच्याशी बोलतो, एवढाच खेळ. मारामारी अगदी थोडी. माणसं काय बोलतात ते पडद्यावर चौकटीत उमटायचं, पण ते वाचणार कोण? मग ह्या दोघी आपल्या मनानंच बोलायच्या. मी भाकऱ्या थापत असायची आणि बाहेरून ऐकू यायचं.

"आवं पाव्हणं, कुठल्या गावचं?"

"आटपाडीचा हाय. पानी मिळंल का?"

"आटपाडीचा हायस तर पानी मागायची सवय असंलच. बस तिथं."

आणि दोघी खिदळायच्या. नवरा पहिल्या पाळीहून येऊन हातपाय धूत विचारायचा, "संपवला का न्हाई अजून ह्यो खेळ?"

लेक म्हणायची, "संपवायला थोडीच घेतलाय, दादा?"

त्याचं हे रोजचंच होतं. "संपवला का?" आणि "न्हाई." तेवढंच बापलेकीचं बोलणं, पण रोज.

त्या कॅसेटीत पहिली जागा लेकीची. दुसरी मैत्रिणीची. तिसरी दोघींची मिळून. तिसरीला दोघी हजर असल्याशिवाय हात लावायचा नाही, असा त्यांचा करार. नाव घालायची वेळ आली तेव्हा ती परकी अक्षरं आकार बघून निवडली. लेकीच्या नावात एक उंबऱ्यासारखं, एक मेंढ्याच्या शिंगांसारखं. मी कॅसेटीला तीन दोरे बांधले. लेकीचा लाल, मैत्रिणीचा पांढरा, आणि तिसरा लाल-पांढरा पिळलेला.

लेक चोविसाव्या वर्षी गेली. ऑपरेशनची तारीख मिळाली होती. त्याच्या आधी आठ दिवस, सकाळी. वही मांडीवर आणि पेन्सिल हातात असताना गेली असं गल्लीत अजून सांगतात. तसं काही नव्हतं. ती मोरीत पडली. मी हाक मारली, ओ आली नाही. दार आतून लावलेलं नव्हतं, तेवढं बरं झालं.

तेरावा झाला. माझ्या जावा आल्या होत्या. गेलेल्याचं घरात ठेवू नये म्हणून त्यांनी लेकीचे कपडे, चप्पल, अंथरूण सगळं बांधलं. मी नेऊ दिलं. कपडे म्हणजे कपडे. वहीसुद्धा एकीनं रद्दीत टाकली. ती मी परत काढली, कारण लोकांच्या जागा तीत होत्या. आणि ती कॅसेट मी पदराखाली घेतली.

आमच्यात देवाच्या नावानं एखादं मेंढरू सोडतात. ते विकायचं नाही, कापायचं नाही, त्याची लोकर कातरायची नाही. गळ्यात काळा दोरा घालतात, म्हणजे कुणी हात लावत नाही. मी तसाच काळा दोरा त्या कॅसेटीला तीन फेरे गुंडाळला आणि ट्रंकेत तळाशी ठेवली. आत लेक जिथवर चालत गेली होती ती जागा होती. मला एवढंच पाहिजे होतं की ती कुणी पुसू नये.

स्वतः लावून बघायची माझी हिंमत नव्हती. त्याला कारण होतं. लेक असताना एकदा मी हौसेनं बटनं दाबली आणि वकिलांची जागा पुसून टाकली होती. लेक स्वतः त्यांच्याकडं जाऊन माफी मागून आली. माझी बोटं भाकरीची, त्या बटनांची नाहीत, हे मला माहीत होतं.

महिन्याभरानं मैत्रीण आली. येतच होती, पण त्या दिवशी ती टीव्हीकडं बघत बसली आणि म्हणाली, "मावशी, ती कॅसेट कुठं हाय?"

"हाय."

"एकदा लावू? पुढं जायचं न्हाई. नुस्तं बघायचं. तिची जागा उघडून बघते आणि बंद करते."

"नको."

"मी पुसणार न्हाई, मावशी. मला येतंय."

"येतंय गं तुला. तरी नको."

"माझीबी जागा हाय की त्यात. आनि तिसरी दोघींची हाय."

मी म्हणाले, "जागा असंल तुझी. कॅसेट माझ्या लेकीची हाय."

ती उठली. दारापर्यंत गेली आणि वळली. "दुसऱ्या कुणी मागितली असती तर दिली असती का, मावशी?"

मी म्हणाले, "कुणालाबी दिली नसती." तेव्हा मला वाटलं की हे खरं आहे. पुढं अनेकदा विचार केला. माझ्या धाकट्या जावेच्या मुलीनं मागितली असती तर? मला अजूनही नक्की सांगता येत नाही. कप फुटला तरी कप ठेवणारे हात तेच असतात.

ती पुन्हा आली नाही. परीक्षा झाली, कऱ्हाडला एका दवाखान्यात लागली, तिथंच लग्न झालं. पत्रिका आली होती. आम्ही गेलो नाही.

बाकीच्या कॅसेटी मी अडीच-तीन वर्षं चालवल्या. वही वाचून होत नव्हतं तिथं दोरे बघून. कुणाची जागा विचारल्याशिवाय पुसली नाही. लेथवाला लेक गेल्यावर भाच्याचं नाव घ्यायचा थांबला. म्हणायचा, "मावशी, माझी निळी द्या." मग हळूहळू लोकांकडं कॉम्प्युटर आले, नवी मशीनं आली, त्यांना तबकड्या लागत. एकेक दोरा सुटत गेला. शेवटी फडताळात नवऱ्याच्या औषधाच्या बाटल्या आल्या.

नवऱ्याचे डोळे गेले होते. फौंड्रीतला उजेड आणि ठिणग्या, वीस वर्षं. पूर्ण आंधळा नाही, पण माणूस समोर आला की सावली दिसायची. टीव्ही नुसता ऐकायचा. एका दुपारी जेवता जेवता तो म्हणाला, "ती काळ्या दोऱ्याची कॅसेट हाय अजून?"

मला वाटत होतं त्याला ते ठाऊक नाही.

"हाय."

"तिनं संपवला हुता का खेळ?"

"मला काय ठावं?"

"मग बघ की. मला दिसायचं न्हाई. तू बघून मला सांग." आणि पुढं म्हणाला, "तीन वर्सं झाली. मी कुणाला इचारू?"

रोज विचारायचा तो माणूस. मला एवढी वर्षं सुचलं नव्हतं की त्याचा प्रश्न तसाच राहून गेला आहे.

बटनं येणारं माणूस एकच होतं. मी मशीन पिशवीत घातलं, कॅसेट पदरात बांधली आणि कऱ्हाडची एसटी धरली. पत्ता लग्नाच्या पत्रिकेवर होता. कळवलं नव्हतं. कळवून जायला तोंड नव्हतं.

तिनं दार उघडलं. पोट दिसत होतं, सहावा-सातवा असेल. मला बघून म्हणाली, "या. पाणी देते."

मी पाणी प्यायले आणि सरळ सांगितलं. "ती कॅसेट आणलीया. त्यांचं डोळं गेलं. तिनं खेळ संपवला हुता का, एवढंच त्यास्नी कळायला पायजे. मला लावता येत न्हाई. तू त्या दिवशी मागितलीस, मी दिली न्हाई. ते माझं चुकलं."

तिचा नवरा तिथल्या कॉलेजच्या लॅबमध्ये कामाला होता, त्याची सुट्टी होती. त्यानं टीव्ही ओढून मशीन जोडलं. काळ्या दोऱ्याची गाठ मला सुटेना, तिनं दातानं तोडली. खालचे तीन दोरे तसेच होते. लाल, पांढरा, पिळलेला. पिळलेल्यावरून तिनं बोट फिरवलं, कॅसेट खोचली आणि बटन दाबलं.

गाणं वाजलं. ते मला ओळखीचं होतं, भाकऱ्या थापताना ऐकलेलं. मग तीन चौकटी आल्या. तिन्ही मोकळ्या.

"हे काय?" मी म्हणाले. "नावं कुठायत?"

तिनं बंद केलं. कॅसेट काढून पुसली, परत लावली. तीन चौकटी. मोकळ्या. तिसऱ्यांदा लावली.

"कुनी लावली हुती का, मावशी, मधी?"

"कुनी न्हाई. ट्रंकेत हुती. तीन वर्सं कुनी हात लावला न्हाई."

तिच्या नवऱ्यानं छोट्या पान्यानं कॅसेट उघडली. आत हिरवी पाटी आणि तिच्यावर सदऱ्याच्या गुंडीएवढी चपटी, चकचकीत टिकली. तो म्हणाला, "ह्यात सेल असतो. ह्या सेलवर ते सगळं राहतं. सेल संपला की गेलं."

मी विचारलं, "रोज चालवली असती तर ऱ्हायलं असतं?"

"न्हाई. चालवली काय आणि न चालवली काय, हा संपणारच. आधीच जुनी असंल."

"मग आम्ही ठेवली तवा हुतं का आत?"

"तवा असणार. वर्सभर, दोन वर्सं बी असंल."

म्हणजे ती तिथं होती. मी वर्षभर, दोन वर्षं ट्रंक उघडत होते, पातळं काढत होते, आणि खाली ती जागा होती. उंबरा आणि मेंढ्याची शिंगं. मैत्रीण दारात उभी राहिली त्या दिवशी तर नक्कीच होती. देवाला सोडलेलं मेंढरूसुद्धा माणसं रानात चरायला सोडतात, जाता-येता बघतात. मी हिला कोंडून मारली.

मैत्रीण म्हणाली, "तिसरी जागा माझीबी हुती, मावशी."

"व्हय," मी म्हणाले. "हुती."

तिच्या नवऱ्यानं कॅसेट परत मिटवली आणि तो चहा ठेवायला आत गेला.

मग मी विचारलं, "तिनं संपवला हुता का?"

"न्हाई. ती पुढं जायचीच न्हाई. दुसऱ्या गावातच फिरायची. तिथं इहिरीपाशी एक म्हातारी हुती. तिच्यापाशी जाऊन बटन दाबलं की ती बोलायची, रोज तेच. तुमची लेक तिला तुमचा आवाज द्यायची."

"माझा?"

"तुमचाच. आमी हसून लोळायचो."

"काय बोलायची?"

ती माझ्याच आवाजात म्हणाली, "'मुडद्या, उपाशी कुठं निघालास? भाकरी थंड झाली. खा आनि मर जा.'"

मी तसंच बोलते. मला ठाऊक आहे.

"दाव मला ती," मी म्हणाले.

"पयल्यापासनं खेळावं लागंल. तासभर जाईल. आनि ऱ्हाणार न्हाई, बंद केलं की पुसंल."

"पुसू दे. खेळ."

"कुठल्या जागेत?"

मी तिसऱ्या चौकटीवर बोट ठेवलं.

ती पोट सावरून जमिनीवर बसली आणि खेळली. टोपीवाला माणूस घरातून निघाला, रानातून गेला, पूल ओलांडला. पहिलं गाव झालं. चहा निवला. दुसऱ्या गावात विहीर होती. विहिरीशी एक म्हातारी, बोटभर उंचीची, कमरेत वाकलेली. माणूस तिच्यापुढं जाऊन थांबला. चौकटीत ती परकी अक्षरं उमटली. मैत्रिणीनं लेकीचं बोलणं पुन्हा एकदा म्हटलं. मी पडद्यावरच्या म्हातारीकडं बघत बसले. ती जागची हलत नव्हती. माणूस समोरून गेला तरी ती तिथंच.

साडेचारची एसटी होती. मी उठले. मशीन आणि कॅसेट तिथंच ठेवली. तिनं बटन बंद केलं नाही, मी निघेपर्यंत पडदा तसाच होता. दारात तिनं माझ्या पिशवीत चार डाळिंबं घातली. बाळंतपणाला येईन असं मी म्हणाले नाही, तिनंही बोलावलं नाही.

घरी पोचले तेव्हा नवरा ओट्यावर बसला होता. माझी पावलं ओळखून त्यानं मान वर केली.

"बघितलीस?"

"बघितली."

"संपवला हुता का तिनं?"

सगळं सांगायचं म्हणूनच मी त्याच्याजवळ बसले. सेल, मोकळ्या चौकटी, माझा काळा दोरा. तो डोळे माझ्या अंगावर लावून होता, म्हणजे जिथं मी असेन असं त्याला वाटत होतं तिथं, थोडं बाजूला.

"संपवला," मी म्हणाले.

"सगळा?"

"सगळा."

"मग बरं," तो म्हणाला. तो पुढं सहा वर्षं जगला. त्या सहा वर्षांत पुन्हा त्यानं विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही. त्या दिवशी तो हात धुऊन ताटावर बसला आणि एक भाकरी जास्त मागितली. भाकरी थंड होती. मी तापवून दिली.